प्रस्वाप: न सोडलेल्या अस्त्राची गोष्ट

गेल्या वीकेंडला काही लिहिलं नाही, त्याबद्दल आधी माफी. (दोघांनी विचारणा केली. त्यातला एक माझा मावसभाऊ, म्हणजे खरा वाचक एकच.) रिलीज होता, दुसरं काही नाही.

आजचा विषय त्या मावसभावानेच दिलाय. तो अकरावीत आहे, कल्याणला राहतो, जेईईचा क्लास लावलाय आणि क्लासच्याच वहीत मागच्या पानापासून एक फँटसी कादंबरी लिहितोय. मागच्या रविवारी मावशीबरोबर आमच्याकडे बाळकुमला जेवायला आला होता. जेवणं झाल्यावर आम्ही दोघं गॅलरीत उभे. आमच्या गॅलरीतून खाडी दिसते, आणि कशेळीच्या पुलाच्या दिशेने भिवंडीच्या गोदामांकडे निघालेले ट्रक.

"दादा, तू सिस्टीम डिझाइन करतोस ना?"

"पोटापाण्यासाठी, हो."

"मग मला एक करून दे."

त्याची रिक्वायरमेंट अशी. एक स्वप्नलोक आहे. झोपलेला माणूस तिथे जातो, तिथे जादू चालते. व्हिलन सगळ्यात मोठा जादूगार, आणि तो हीरोचा गुरूच आहे. दोघं तोडीस तोड, त्यामुळे लढाई संपतच नाही. (वहीची चाळीस पानं नुसती लढाई आहे, मी बघितली.) तर आता हीरोला असं एक तंत्र पाहिजे की समोरच्याला मारायचं नाही, फक्त त्याची सगळी जादुई ऊर्जा बंद पाडायची. नाव ठरलंय, 'सायलेन्स'. "पण लॉजिकल पाहिजे हां. नुसता हात वर केला आणि झालं, असलं नको."

मी सगळं ऐकून घेतलं आणि म्हटलं, "लेका, ही गोष्ट लिहून झालीय."

त्याचा चेहरा पडला. "कोणी? ॲनिमे आहे का?"

"नाही. उद्योगपर्व."

तर मंडळी, आज प्रस्वापास्त्राबद्दल. भीष्म म्हटलं की आपल्याला प्रतिज्ञा आठवते आणि शरशय्या आठवते, मधलं हे प्रकरण बऱ्याच जणांच्या वाचनातून निसटलेलं असतं. म्हणून आधी थोडक्यात बॅकग्राउंड.

काशीच्या राजाच्या तीन मुली: अंबा, अंबिका, अंबालिका. भीष्माने आपल्या सावत्र भावासाठी, विचित्रवीर्यासाठी, तिघींना स्वयंवरातून उचलून आणलं. अंबेने मनाने शाल्वाला वरलं होतं. तिने तसं सांगितल्यावर भीष्माने तिला सोडलं. पण शाल्व म्हणाला, तुला दुसऱ्याने जिंकून नेलंय, आता मला नको. म्हणजे तिचं घरही गेलं आणि लग्नही गेलं, तिची काडीची चूक नसताना. ती तपस्व्यांच्या आश्रमात गेली. तिथे तिच्या आईचे वडील होत्रवाहन भेटले, त्यांच्या ओळखीने प्रकरण परशुरामाकडे गेलं. परशुराम म्हणजे भीष्माचा अस्त्रविद्येतला गुरू. (आणि आपल्या कोकणचा बिल्डर. समुद्र मागे हटवून जमीन काढली अशी कथा आहे. आमच्या बाळकुमच्या खाडीकाठी आज जे चाललंय ते बघून त्याने काय म्हटलं असतं, तो वेगळा लेख.) परशुराम म्हणाला, हिला परत घे. भीष्म म्हणाला, नाही घेत. झालं, कुरुक्षेत्रावर गुरुशिष्यांची जुंपली.

तेवीस दिवस लढाई चालली. निकाल नाही. दोघांकडे अस्त्रं सारखीच, कारण एकाने दुसऱ्याला शिकवलेली. शेवटी भीष्म रात्री देवांची प्रार्थना करून झोपतो आणि स्वप्नात आठ ब्राह्मण येतात. लढाईत तो रथातून पडला तेव्हा त्याला झेलणारे हेच. ते सांगतात: प्रस्वाप नावाचं एक अस्त्र आहे, विश्वकर्म्याने केलेलं. पूर्वीच्या देहात ते तुला येत होतं. परशुरामाला ते माहीत नाही, पृथ्वीवर कोणालाच नाही. उद्या ते आठव, आपोआप येईल. त्याने परशुराम मरणार नाही, फक्त झोपेल. त्यामुळे तुला पाप नाही. नंतर संबोधन नावाच्या अस्त्राने त्याला जागं कर.

यात मला जे डिझाइन दिसतं ते असं:

१. अस्त्रं मंत्रावर चालतात. प्रत्येक अस्त्राला प्रत्यस्त्र शोधत बसलात तर तेवीस दिवस काय, तेवीस वर्षं लढत बसाल. प्रस्वाप बाणाला अडवतच नाही. मंत्र म्हणणाराच झोपला की मागची सगळी फौज आपोआप बंद. आमच्या भाषेत, रिक्वेस्ट एकेक ब्लॉक करायच्या नाहीत, प्रोसेसच स्लीपमध्ये टाकायची.

२. रोलबॅक आधीच ठरलेला आहे. झोपवणारं अस्त्र आणि उठवणारं अस्त्र जोडीने सांगितलंय. (आमच्याकडे अजूनही लोक रोलबॅक प्लॅनच्या रकान्यात 'लागू नाही' असं लिहून रिलीज पाठवतात.)

३. ते स्वप्नात मिळतं, पण चालवायचं जागेपणी आहे. म्हणजे मध्ये एक सकाळ आहे, आणि विचार करायला तेवढाच वेळ आहे.

माझ्या मावसभावाला हे जाम आवडलं. तो म्हणाला, "म्हणजे हीरो जिंकला."

नाही ना. पुढे ऐक.

दुसऱ्या दिवशी दोघांनी ब्रह्मास्त्र सोडलं, दोन्ही आकाशात एकमेकांना भिडली, सगळीकडे होरपळ. तेव्हा भीष्माने प्रस्वाप आठवलं आणि ते आठवलं. आकाशात कल्लोळ झाला की सोडू नकोस. तरीही त्याने नेम धरला. हे मला महत्त्वाचं वाटतं, त्याने हात उचलला होता. मग नारद आला. म्हणाला, देव वर उभे आहेत आणि तुला थांबवतायत. तो तपस्वी आहे, तुझा गुरू आहे, त्याचा असा अपमान करू नकोस. ज्यांनी अस्त्र दिलं ते आठ जणही म्हणाले, नारद म्हणतोय तसं कर. भीष्माने अस्त्र मागे घेतलं. आणि ते मागे घेतलेलं बघून परशुराम म्हणाला, मी हरलो!

न सोडलेल्या अस्त्राने लढाई संपली. पितरांनी परशुरामाला समजावलं, मग भीष्माने जाऊन गुरूचे पाय धरले आणि गुरूने शिष्याची पाठ थोपटली.

पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९१९ ते १९६६ अशी सत्तेचाळीस वर्षं बाराशेहून जास्त हस्तलिखितं ताडून महाभारताची चिकित्सक आवृत्ती काढली. (जगातला सगळ्यात मोठा मर्ज कॉन्फ्लिक्ट!) त्या चाळणीतूनही हे प्रकरण शिल्लक राहिलंय. म्हणजे कोणा कीर्तनकाराने मागाहून घातलेला मसाला आहे असं म्हणायची सोय नाही.

मावसभाऊ वाचतो ती इंग्रजी पुस्तकं मीही वाचतो. ऑफिसच्या बसमध्ये दुसरं करायचं काय? रॉबर्ट जॉर्डनची 'व्हील ऑफ टाइम' मालिका घ्या, १९९० ते २०१३, चौदा जाडजूड भाग, जॉर्डन २००७ मध्ये गेल्यावर शेवटचे तीन ब्रँडन सँडरसनने पुरे केलेले. त्यात स्वप्नांचं एक अख्खं जग आहे आणि जादू बंद पाडायचे प्रकारही आहेत. एखाद्याला तात्पुरतं शक्तीपासून तोडायचं, किंवा कायमचं. त्या कथेतले लोक या दोन गोष्टींत जमीन-अस्मानाचा फरक करतात, आणि दुसरीचं नाव काढलं तरी शहारतात. सँडरसन तर उघड म्हणतो की जादूची मर्यादा ही तिच्या ताकदीपेक्षा जास्त इंटरेस्टिंग असते. पटतं. आपल्याकडेही दोन्ही प्रकार आहेत. विराटपर्वात अर्जुन संमोहन अस्त्राने कौरवांना बेशुद्ध करतो, उत्तराला त्यांची उपरणी गोळा करायला पाठवतो, आणि सांगतो की भीष्माच्या जवळून जाऊ नकोस, त्याला याचा उतारा माहीत आहे. थोड्या वेळाने सगळे उठतात. लाज गेली, जीव नाही. उलट परशुरामाने कर्णाला दिलेला शाप बघा: ऐन वेळी तुला अस्त्र आठवणार नाही. याला रोलबॅक नाही, अपील नाही. शिकवणाऱ्यानेच चावी रद्द केली.

इथवर लिहून थांबलो असतो तर छान लेख झाला असता. संयमाचं महत्त्व वगैरे. ऑफिसात फॉरवर्ड करण्यासारखा.

पण हे प्रकरण मला इतकं पाठ का आहे, ते सांगितलं पाहिजे.

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. तेव्हाची कंपनी, नाव सांगत नाही. दुकानदारांच्या पैशांचा हिशोब ठेवणारं ॲप होतं. टीममधले सगळ्यात सीनियर, त्यांना आम्ही गुरुजी म्हणायचो. माझ्याहून बारा वर्षांनी मोठे. मला जे काही चार अक्षरं येतात ती त्यांनी शिकवलेली. रात्री अकराला फोन केला तरी "बोल रे" म्हणून उचलणारा माणूस.

आणि टेस्टिंगला एक मुलगी होती, डोंबिवलीची. व्हेंडरच्या पेरोलवर, म्हणजे आयकार्डची दोरी आमच्याहून वेगळ्या रंगाची. तिला एक बग सापडला. ऑफिसात नाही, लोकलमध्ये. घरी जाताना मुंब्र्याच्या आसपास रेंज गेली, तिने पेमेंटचं बटण पुन्हा दाबलं, आणि रेंज आल्यावर एकच पेमेंट दोनदा नोंदलं गेलं. तिने दुसऱ्या दिवशी मुद्दाम तसंच केलं, परत तेच. तारीख, वेळ, स्क्रीनशॉट सगळं लावून बग टाकला.

गुरुजी म्हणाले, ऑफिसच्या नेटवर्कवर होत नाही, सबब बग नाही. तो भाग माझ्या मॉड्यूलला लागून होता, मी कोड बघितला, मला तिचं पटलं. मी फिक्स लिहिला. गुरुजी म्हणाले, रिलीजच्या तोंडावर हे घेणार नाही. मग मेल सुरू झाले. सीसीमध्ये आधी चार माणसं, मग नऊ. तीन आठवडे! त्यांनी शिकवलेले सगळे युक्तिवाद मी त्यांच्यावर वापरले आणि त्यांनी त्यांची उत्तरं दिली, कारण ती उत्तरंही त्यांचीच होती.

रिलीजच्या आदल्या रात्री दीडला झोपलो, आणि खरंच सांगतो, झोपेतच सुचलं. (कोड स्वप्नात दिसणाऱ्या लोकांना हे पटेल, बाकीच्यांनी विश्वास ठेवा.) आधीच्या एका प्रोजेक्टमध्ये मला डिप्लॉयमेंट टूलचा ॲडमिन ॲक्सेस मिळाला होता. प्रोजेक्ट संपला, ॲक्सेस काढायचं कोणाच्या लक्षात राहिलं नाही. पूर्वजन्मीची विद्या! साडेतीनला लॅपटॉप उघडला. गुरुजींच्या नावापुढे 'सस्पेंड'चं बटण होतं. त्यांचं अकाउंट सस्पेंड झालं की सहाच्या रिलीजचं अप्रूव्हल पुढच्या माणसाकडे येणार, म्हणजे माझ्याकडे. माझा फिक्स आत घालायचा, रिलीज करायचा, नऊला त्यांचं अकाउंट पुन्हा चालू. "लॉक झालं असेल, सर." काही डिलीट नाही, कोणाचं नुकसान नाही. संबोधन अस्त्र तयार होतं.

चॅटवर मेसेज आला. "झोप येत नाही का रे?" रात्रपाळीला ऑपरेशन्सचे एक काका असायचे, निवृत्तीला आलेले. साडेतीनला ॲडमिन लॉगिन दिसल्यावर त्यांनी बघितलं. मी त्यांना सगळं सांगून टाकलं. त्यांचं उत्तर मला शब्दशः आठवतंय. "बटण दाबशील, काम होईल. पण त्यांनी तुला शिकवलंय. आणि मग मला रोज रात्री बघत बसावं लागेल, आज कोण कोणाला झोपवतंय."

मी लॉगआउट केलं.

सकाळी गुरुजींना सांगितलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "मी तुझ्या जागी असतो तर दाबलं असतं." आम्ही खाली जाऊन चहा घेतला. ठरलं असं की हा रिलीज आहे तसा जाईल, फिक्स पुढच्या रिलीजला. भांडण मिटलं. माझा ॲक्सेस मीच सांगून काढून घेतला. ही गोष्ट टीममध्ये पुढे बरेच दिवस सांगितली जायची, माझ्या अप्रेझलमध्ये 'मॅच्युरिटी' हा शब्दही आला. मला स्वतःलाही ती फार आवडायची. भीष्माचं प्रकरण मी तेव्हाच शोधून वाचलं, आणि खरं सांगू, आरशात बघितल्यासारखं वाचलं.

आता उरलेलं.

तिच्या बगचं स्टेटस 'डिफर्ड' झालं. पुढच्या रिलीजला दुसरंच काहीतरी तातडीचं आलं, मग त्याच्या पुढच्या. व्हेंडरकडे दर महिन्याला जो तक्ता जायचा त्यात 'स्वीकारलेले बग' आणि 'न स्वीकारलेले बग' असे दोनच रकाने होते. डिफर्ड दुसऱ्यात मोजायचे. तिमाही संपली, तिचं कॉन्ट्रॅक्ट रिन्यू झालं नाही. मी कार्डावर 'ऑल द बेस्ट' लिहून सही केली. नंतर दोन महिन्यांनी दिवाळीच्या गर्दीत प्रॉडक्शनमध्ये दुकानदारांच्या खात्यांत डबल एंट्र्या दिसायला लागल्या. फिक्स माझ्याकडे तयारच होता, चार तासांत लावला. कौतुकाची मेल आली. त्यात दोन नावं होती, गुरुजींचं आणि माझं.

ती मेल वाचताना मला पहिल्यांदा अंबा आठवली.

उद्योगपर्वातलं ते प्रकरण सांगतंय कोण, हे बघा. स्वतः भीष्म, दुर्योधनाला. म्हणजे इन्सिडेंटचा पोस्टमॉर्टेम ज्याने इन्सिडेंट केला त्यानेच लिहिलाय. (मी आत्ता तेच करतोय, कल्पना आहे.) तेवीस दिवसांच्या लढाईचं वर्णन पानंच्या पानं चालतं: कुठलं अस्त्र, कुठे लागलं, कोण रथातून पडलं, कोणी झेललं. शेवटी गुरुशिष्यांचा समेट झाल्यावर परशुराम अंबेला बोलावतो आणि म्हणतो, मी शक्य ते सगळं केलं, आता तू भीष्मालाच शरण जा. जिच्या तक्रारीवर केस उभी राहिली तिला दोन्ही बाजूंनी मिळून सांगितलं, केस क्लोज. देव आले, पितर आले, नारद आला, गंगा आली. प्रत्येकाने या दोघांपैकी कोणाची ना कोणाची काळजी घेतली. त्यांतला एकही तिच्यासाठी आला नव्हता.

परशुराम एक क्षणही झोपला नाही, त्याची विद्या शाबूत राहिली. त्या दिवशी कुरुक्षेत्रावर खरोखर कोणाची शक्ती बंद पाडली गेली असेल, तर अंबेची. आणि त्यासाठी कुठलंच अस्त्र लागलं नाही.

मला म्हणायचंय ते एवढंच. मोठ्या अस्त्रांबद्दल आपण फार सावध असतो. सस्पेंडच्या बटणावर दोन अप्रूव्हर असतात, लॉग असतो, रात्री जागणारे काका असतात. ते बटण आपण दाबत नाही आणि न दाबल्याबद्दल स्वतःला शाबासकी देतो. पण 'डिफर्ड' निवडायला काही लागत नाही. एक ड्रॉपडाउन आहे. त्याला नारद नाही, आकाशवाणी नाही. आणि झोपवलेल्याला उठवायची जबाबदारी कोणाच्या नावावर नाही. प्रस्वापाबरोबर निदान संबोधन तरी दिलं होतं.

कोणी म्हणेल, अरे मग काय बटण दाबायला हवं होतं? नाही. तेव्हाही चूक होतं, आजही चूकच. काका बरोबर होते. उद्या तेच बटण माझ्यावर दाबलं गेलं असतं. नारदही बरोबरच होता. माझी तक्रार अस्त्र मागे घेण्याबद्दल नाही, त्यानंतरच्या चहाबद्दल आहे. त्या चहाला तिसरी खुर्ची हवी होती. पाच मिनिटं लागली असती. "हिचा बग खरा आहे, आपण तो पुढे ढकलतोय, आणि तक्त्यात तो 'स्वीकारलेला' म्हणून मोजायचा," एवढी एक ओळ गुरुजी लिहू शकत होते. मीही लिहू शकत होतो. आम्ही दोघं मोठेपणाने इतके भरून आलो होतो की ते सुचलंच नाही.

बंद केलेला मुद्दा मरत नाही, हेही महाभारतालाच माहीत होतं. अंबा शरण गेली नाही. तिने तप केलं, स्वतःला जाळून घेतलं, पुन्हा जन्म घेतला आणि शिखंडी म्हणून रणांगणावर परत आली. तिच्यासमोर भीष्माने शस्त्र उचललं नाही. ज्याला परशुराम तेवीस दिवसांत पाडू शकला नाही तो असा पडला. एकाने क्लोज केलेलं तिकीट पुढच्या जन्मात क्रिटिकल म्हणून रीओपन झालं.

माझ्या गोष्टीत एवढं भव्य काही नाही. मागच्या वर्षी मी तिला शोधून मेसेज केला. लांबलचक. चुकलं, तुझा बग बरोबर होता, वगैरे. दोन दिवसांनी उत्तर आलं. "थँक्स. पण हे मला माहीत होतं. ज्यांना माहीत नाही त्यांना लिही."

बरोबर आहे. माझा माफीनामा वाचून तिचं काय होणार होतं, माझंच मन हलकं होणार होतं. मग मी तेव्हाच्या मॅनेजरना आणि तिच्या व्हेंडरला मेल लिहिली. बग नंबर, तारखा, दिवाळीतला इन्सिडेंट, आणि तो पहिल्यांदा कोणी पकडला होता ते. गुरुजींना विचारलं, तुमचं नाव खाली घालू का? ते म्हणाले, "वर घाल." मॅनेजरकडून उत्तर आलेलं नाही. व्हेंडरकडून आपोआप जाणारी पोच आली. तिची एक प्रत तिला पाठवली, त्यावर तिने अंगठा टाकला. बस.

असो. तर मावसभावाच्या सिस्टीमचं काय? मी त्याला चार रिक्वायरमेंट्स लिहून दिल्या. एक, तंत्र तात्पुरतं असावं. दोन, उठवायचा मंत्र झोपवायच्या मंत्राच्या आधी शिकवावा. तीन, लढाईबाहेरच्या कोणाला तरी 'नको' म्हणायचा हक्क असावा. चार, लढाई ज्याच्यासाठी सुरू झाली तो माणूस निर्णयाच्या वेळी तिथे हजर असावा, आणि त्याला जादू येत नसली तरी चालेल.

चौथ्यावर तो अडला. म्हणाला, "पण दादा, माझी लढाई कोणासाठी सुरू झाली तेच मी लिहिलेलं नाही."

"मग चाळीस पानं मागे जा."

ता. क. तो मागे गेला. परवा मावशीचा फोन आला होता. फिजिक्सच्या टेस्टमध्ये अकरा मार्क पडलेत आणि वहीत मागच्या बाजूला एका मुलीवर नवीन बारा पानं सापडलीत. तिचा समज झालाय की प्रेमप्रकरण आहे. मी सांगितलं, नाही गं, उद्योगपर्व आहे. तिने फोन ठेवला.